सर्वंकष युद्ध आणि नेत्राचा धवला

आमच्या विकीचं वागणं मला अजिबात पटलेलं नाही, आणि हे मी त्याच्या तोंडावर चार वेळा सांगून झालंय. पोरगं वीस वर्षांचं, भाईंदरच्या कॉलेजात इतिहास शिकतं, बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे, सगळं कबूल. पण जेवायला बसलं की ताटाला रसद म्हणायचं, मोरीकडच्या दाराला पिछाडी म्हणायचं, आणि जी पहाटे उठून बर्फात हात घालते त्या स्वतःच्या आईला सांगायचं की तू नागरी आघाडी आहेस, हे काय वागणं झालं? माझी सून साधी. तिला वाटलं सरकारची काहीतरी योजना आली. तिने विचारलं, फॉर्म कुठे मिळतो.

गोष्ट दोन हजार सहा सालची. दिवाळी होऊन गेली होती, बोंबील भरपूर पडत होते, आणि विकीच्या थोरल्या बहिणीचं, माझ्या नेत्राचं, लग्न तीन आठवड्यांवर आलं होतं. आमच्या तारोडीत या दिवसांत किनाऱ्याच्या खळ्यावर सगळ्यांच्या वलांड्या उभ्या असतात. बांबू रोवायचे, त्यांना दोऱ्या ताणायच्या, आणि दोन-दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून दोरीवर वाळत टाकायचे. शेजारच्या आत्मारामने यंदा आपला शेवटचा बांबू दोन हात सरकवून आमच्या हद्दीत रोवला. माझ्या मुलाला, रामनाथला, ते सकाळी दिसलं. त्याने शिवी दिली. आत्मारामने परत दिली.

इथपर्यंत सगळं नेहमीसारखं होतं. दर दोन-तीन वर्षांनी कुणाचा तरी बांबू सरकतो. दोन घरं देवळापुढे उभी राहून एकमेकांचे पूर्वज काढतात, पंच येतात, बांबू मागे जातो, आणि संध्याकाळी दोघे एकाच टपरीवर चहा पितात. मी सून म्हणून आले तेव्हापासून बघतेय. शिव्यासुद्धा ठरलेल्या आहेत. पण या वेळी रामनाथ घरी येऊन बोलला आणि विकी मध्येच म्हणाला, पप्पा, ही हद्दीची भांडणं जुनी झाली. आता सर्वंकष युद्ध करायला पाहिजे.

मग त्याने आम्हाला ओट्यावर बसवून इतिहास सांगितला. पूर्वी म्हणे राजे लढायचे तेव्हा एक मैदान ठरायचं. शिपाई मैदानात लढायचे आणि बाजूच्या शेतात माणूस नांगर धरून उभा असायचा, कारण यापुढे सारा कुणाला द्यायचा एवढंच त्याला कळायला हवं असायचं. मग फ्रान्स देशात लोकांनी आपल्या राजाचं डोकं उडवलं. आजूबाजूचे राजे अंगावर धावून आले. तेव्हा तिथल्या पंचांनी हुकूम काढला की आता देशातला प्रत्येक माणूस लढाईत आहे. तरण्यांनी लढायचं, लग्न झालेल्यांनी हत्यारं बनवायची, बायकांनी तंबू शिवायचे, पोरांनी जुन्या कपड्यांच्या पट्ट्या काढायच्या, आणि म्हाताऱ्यांनी चौकात बसून शत्रूबद्दल द्वेष पसरवायचा. पुढे अमेरिकेत भाऊ-भाऊ लढले, तर एक सेनापती शेतं जाळत आणि रेल्वेचे रूळ वाकवत गेला, म्हणजे समोरच्या शिपायाच्या पोटात काही जायलाच नको. पहिल्या महायुद्धात जर्मनीला समुद्रातून वेढा घातला, तिथली माणसं गुरांना घालायचे कंद खाऊन जगली. दुसऱ्यात बायका कारखान्यात गेल्या, घरातली ॲल्युमिनियमची भांडी विमानांसाठी गोळा केली, आणि झोपलेल्या शहरांवर बॉम्ब टाकले.

भांड्यांचं ऐकून सुनेने कालवणाचा टोप हळूच आत नेला.

मी विचारलं, त्यात माणसं किती मेली. विकीने आकडा सांगितला. एवढी गणती मला येत नाही. त्याला येत होती, आणि तरी तो हसतच सांगत होता, ते मला खटकलं. पण रामनाथ मान डोलवत होता. पोराच्या फीचे पैसे कुठेतरी दिसताहेत, असं त्याला पहिल्यांदाच वाटलं असावं.

विकीने वहीत पान आखून कामं वाटली. रामनाथ आणि तो, लढाईला. सून, शिवणाला. घरात तंबू नव्हता, म्हणून तिने जुन्या ताडपत्र्या सांधून वलांड्यांना आडोसा करायचा. नेत्रा, जिला तीन आठवड्यांत नवरी व्हायचं होतं, तिने पाट्या रंगवायच्या, कारण तिचं अक्षर चांगलं. आणि मी रोज सकाळी सोसायटीच्या गोदामाच्या पायरीवर बसायचं आणि आत्मारामच्या घराबद्दल वाईट बोलायचं. एवढं एक काम मी आधीपासूनच करत होते. फक्त आता त्याला हुकूम निघाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी पायरीवर जाऊन बसले तर समोरच्या पायरीवर विमल येऊन बसली.

विमल म्हणजे आत्मारामची आई. ही आणि मी एकाच वर्षी लग्न होऊन तारोडीत आलो. आम्ही दोघी धवलारणी. आमच्याकडे लग्नाचे विधी धवलारीण लावते. हळदीपासून पाठवणीपर्यंत प्रत्येक वेळेचा धवला वेगळा, आणि तो गायल्याशिवाय पुढचं पाऊल उचलत नाहीत. एकीने ओळ धरायची, दुसरीने उचलायची. चाळीस वर्षं मी धरतेय आणि विमल उचलतेय. ती म्हणते ती धरते. हा वाद अजून मिटलेला नाही.

मी विचारलं, तू गं इथे कशी? तर म्हणाली, आमच्या रसिकाने बसवलीय, म्हाताऱ्यांनी चौकात बसायचं असतं. रसिका तिची नात. कॉलेजात विकीच्या बाजूच्याच बाकावर बसते.

बरं, बसलो. काम तर करायला पाहिजे. मी सुरुवात केली, आत्मारामच्या घरच्या कालवणाला चव नाही. आता चाळीस वर्षांची सवय कुठे जाणार? विमलने ओळ उचलली, सुरात, आणि पुढे नेली की मीठ घालते कोण, तिची सून, तिचं लक्ष असतं सिरियलमध्ये. मी पुढची ओळ टाकली, तिने उचलली. तिच्या घरातली तीन कुलंगडी मला ठाऊक नव्हती, ती तिनेच पुरवली. मग तिने आमच्या रामनाथवर सुरू केलं, तर मला गप्प बसवेना. रामनाथ लहानपणी कशाला भ्यायचा, ते मी सांगितलं. हळूहळू माणसं जमली. कुणीतरी आम्हाला चहा आणून दिला. दोन्ही घरांची जेवढी बदनामी त्या आठवड्यात झाली तेवढी शत्रूला कधीच जमली नसती.

तिकडे खळ्यावर वेगळीच तऱ्हा. आम्ही ताडपत्रीचा आडोसा केला, त्याच दुपारी त्यांनी केला. नेत्राने पाटी लावली, ‘या शेजाऱ्यांचे बोंबील घेऊ नयेत’. संध्याकाळी तिकडून पाटी आली, ‘या शेजाऱ्यांचे बोंबील घेऊ नयेत’. विकीने वेढा जाहीर केला, म्हणजे आत्मारामच्या घरच्यांना टेम्पोत जागा नाही, बर्फात वाटा नाही, आणि त्यांच्याशी बोलेल तोही शत्रू. तासाभरात त्यांचा वेढा जाहीर झाला. टेम्पो दोन्ही घरांत एकच, बर्फाची गाडी एकच. म्हणून टेम्पोवाला रिकामा निघून गेला, आणि बर्फवाल्याने सगळा बर्फ तिसऱ्यालाच विकला. पेणकरपाड्याचा एक सुक्या मासळीचा गिऱ्हाईक दरवर्षी आमच्याकडून आणि त्यांच्याकडून पोतं-पोतं बोंबील न्यायचा. तो आला, त्याने दोन्ही पाट्या वाचल्या, दोन्ही खऱ्या मानल्या, आणि पुढच्या गावाला गेला.

विकी म्हणाला, सर्वंकष युद्धात नागरिकांना थोडी झळ बसणारच.

मी हे सगळं सोसलं असतं. बोंबील काय, उद्या आणखी पडतील. पण लग्नाला बारा दिवस उरले तेव्हा मी विकीला म्हटलं की आता विमलला सुपारी द्यायला जा. धवलारणीला सुपारी नवरीच्या भावाने द्यायची, तिच्या दारात जाऊन, पाया पडून, असा आमच्यात रिवाज आहे. आणि धवलारणीने आपल्याच नातीचा धवला धरायचा नाही, हाही रिवाज. मी मांडवात आजी म्हणून बसणार. म्हणजे विमलशिवाय दुसरी वाटच नव्हती.

विकीने वही उघडली. आत्मारामच्या घराखाली विमलचं नाव होतं. तो म्हणाला, आजी, ती शत्रूपक्षात हाय.

मी म्हटलं, ती कुणाच्या पक्षात हाय ते मला चाळीस वर्षांत कळलं न्हाय, तुला कुठून कळलं?

त्याचं म्हणणं पडलं की सर्वंकष म्हणजे सगळे. एकाला सोडलं की लढाई फुटते. आणि धवल्याचं काय, भाईंदरला स्टेशनसमोर लग्नाच्या गाण्यांच्या सीडी मिळतात. एक आणू, मोठे स्पीकर लावू.

नेत्रा दारात बसून पाटीचा ब्रश धूत होती. माझी ही नात फार बोलत नाही, त्यामुळे ती बोलली की घरात ऐकतात. तिने फक्त एवढंच विचारलं की त्या सीडीत आजोबांचं नाव असेल का.

 धवल्यात नावं घालावी लागतात. नवरीचं, तिच्या आईबापाचं, आजीचं, आजोबांचं, आणि जे गेले त्यांना नावानिशी हाक मारून मांडवात बोलवायचं असतं. माझे मालक, महिपत, जाऊन सहा वर्षं झाली होती. त्यांना नेत्राच्या लग्नाला बोलवायचं तर ते धवल्यातच. स्पीकरवरची बाई त्यांना कुठून ओळखणार?

नेत्राने ब्रश सुकत ठेवला. त्यानंतर तिने पाटी काही रंगवली नाही, आणि बस्त्यातल्या साड्याही उघडून बघितल्या नाहीत. दुसरं कुणी असतं तर मी रागावले असते. हिला रागावता येईना.

मी माझ्या परीने हातपाय मारले. चेणे गावात एक बाई धवले गाते असं ऐकलं होतं. दोन बस बदलून गेले. तिने आधी विचारलं की माईक असणार का, मग विचारलं व्हिडिओवाला असणार का, आणि नवरीच्या आजोबांचं नाव तीनदा सांगूनही तिने गणपत असंच म्हणून दाखवलं. मी तिच्याकडचा चहा प्यायले आणि उठले.

रामनाथही मनातून हलला होता. हे मला आत्मारामच्या बायकोकडून कळलं, तिला टेम्पोवाल्याकडून कळलं. दोघे बाप खाडीकडे गुपचूप भेटले, एकमेकांना बिडी दिली, आणि बांबू मागे घ्यायचं बोलणंही झालं. पण रामनाथने घरी येऊन तह हा शब्द काढला तर विकी म्हणाला, तह जुन्या युद्धात होतो, इथे बिनशर्त शरणागती लागते. तिकडे रसिकाने आत्मारामला शब्दन् शब्द हेच सांगितलं. दोन्ही बापांनी माना खाली घातल्या. भर वादळात बोट घालणारी ही माणसं बी.ए.च्या दुसऱ्या वर्षाला भितात.

लग्नाला आठ दिवस राहिले. त्या सकाळी मी पायरीवर गेले ती गप्पच बसले. विमलने दोन-तीन ओळी धरल्या, मी उचलल्या नाहीत. तीही मग थांबली. तिने कमरेला खोचलेली पुडी काढली, पान काढलं आणि पुडीचा कागद मांडीवर पसरला. म्हणाली, या रसिकाच्या कागदांनी डोकं उठवलंय, घरभर पडलेत, एकाची मी पानाला पुडी केली.

मला छापील वाचायला वेळ लागतो, पण बघायला लागत नाही. कागदाच्या कोपऱ्यात कपाचा गोल डाग होता, झेरॉक्समध्ये काळा उठलेला. तो कप मी ठेवला होता. आमच्या ओट्यावर, विकीच्या वहीवर, नवरात्रात. आणि डागाच्या बाजूला विकीने काढलेली आमची बोट होती, तीही वाकडी, कारण त्याला शिडाची काठी सरळ काढता येत नाही.

मी विमलला विचारलं, ही पानं रसिकाला कुणी दिली? ती म्हणाली, कोण देणार, तुझ्या विकीनेच, परीक्षेच्या आधी. पोरगी तेव्हा आजारी होती. त्याने सगळी वही झेरॉक्स करून घरी आणून दिली. चांगलं मन आहे पोराचं, असं मी तेव्हा म्हटलं होतं.

म्हणजे आम्ही एक हुकूम काढायचा आणि समोरून तोच यायचा, त्याचं कारण हे. दोन्ही घरांत सर्वंकष युद्धाच्या टिपणाचं पान एकच होतं. आमच्या सेनापतीने युद्ध सुरू व्हायच्या आधीच आपला सगळा दारूगोळा मोजून शत्रूच्या घरी पोचवला होता, तोही स्वखर्चाने.

मी पुडीचा कागद घेतला आणि घरी आले. विकी दारात बसून खळ्याचा नकाशा काढत होता. मी कागद त्याच्या नकाशावर ठेवला. त्याने आपली वाकडी बोट ओळखली. मग मी विचारलं की तुझ्या पुस्तकात शत्रूला रसद पुरवणाऱ्याचं काय करतात. तो हळू आवाजात म्हणाला, गोळी घालतात.

मी म्हटलं, गोळी राहू दे, ही सुपारी घे आणि चल.

सुपारी, नारळ आणि मूठभर तांदूळ ताटात घेऊन आम्ही निघालो. मी पुढे, विकी मागे. अंतर पन्नास पावलांचं, पण वाटेत दोन्ही ताडपत्र्या होत्या, म्हणून खळ्याला वळसा घालून जावं लागलं. खळ्यावरच्या बायकांनी हातातले बोंबील तसेच ठेवले आणि आमच्यामागून आल्या. रामनाथ आणि आत्माराम आपापल्या बांबूंपाशी उभे राहून आपण काही बघतच नाही असं दाखवत होते.

आत्मारामच्या दारात रसिका आडवी उभी. हातात त्याच वहीची झेरॉक्स. ती म्हणाली की आत यायचं असेल तर आधी बिनशर्त शरणागती. विकी म्हणाला, ती तुमच्याकडून यायला पाहिजे, आमचा वेढा आधी पडला. ती म्हणाली, आमची पाटी मोठी आहे. हा म्हणाला, पाटीतला मजकूर माझा आहे. मी दोघांच्या मध्ये ताट धरून उभी, आणि माझा हात अवघडला.

आतून विमलचा आवाज आला. ती लसूण सोलत बसली होती आणि उठली नाही. म्हणाली, रसिका, बाजूला हो, पोरगा नवरीचा भाऊ म्हणून आलाय. पण विकी आत जाऊन वाकणार तेवढ्यात तिने हात आखडता घेतला. माझी मैत्रीण असली तरी सोपी बाई नव्हे.

ती म्हणाली, “थांब. तूच जाहीर केलंस मी शत्रू हाय. शत्रूला सुपारी कशी देतोस?”

 याचं उत्तर पुस्तकात नव्हतं.

“बरं, ते जाऊ दे,” विमल म्हणाली. “धवल्यात नावं लागतात. तुमच्या घरातली गेलेली माणसं सांग. आजोबा महिपत, ते मला ठावं हाय. त्यांचा बाप?”

विकी म्हणाला, धर्माजी. हे बोटीवर लिहिलंय, म्हणून त्याला आलं.

“त्याची आई?”

विकी माझ्याकडे बघायला लागला. मी वर वाशाकडे बघितलं.

“महिपतची बहीण, जी लहानपणीच गेली? तुझ्या बापाचा मामा, ज्याने पहिलं जाळं दिलं?”

पोरगा लाल झाला. शत्रूच्या घरातली नऊ माणसं त्याने वहीत नावानिशी लिहिली होती, वयांसकट. आपल्या घरातली चार त्याला सांगता येईनात. दारातली रसिका मात्र भिंतीकडे तोंड करून पुटपुटली, मामाचं नाव दाजी. तिने ती नावं आजीच्या तोंडून ऐकली होती. विमल रोज दुपारी दार लावून नेत्राचा धवला घोकत होती, सुपारी आली नव्हती तरी. मला हे कुणी सांगितलं नव्हतं. मी जरा पदर सारखा केला.

विमलने लसणाचे हात पुसले. मग ती एकेक नाव घेत गेली, गात नव्हती, नुसती सांगत होती, आमच्या घरातली बारा माणसं, गेलेली, एकही न चुकता. तिसऱ्या नावाला विकीने मान खाली घातली. बाराव्याला तो वाकला आणि सुपारी तिच्या हातात ठेवली.

“तुमचं अख्खं घर माज्या तोंडात हाय,” विमल म्हणाली. “तिथं कसा वेढा घालशील रं?”

बाहेर कुणीतरी ताडपत्री ओढल्याचा आवाज झाला. मागोमाग दुसरी. दोन्ही बापांना आता कुठली शर्त आठवत नव्हती.

विकी उठून उभा राहिला. डोळे ओले, पण ताठा अजून थोडा शिल्लक. तो माझ्याकडे वळून म्हणाला, आजी, माझं चुकलं, मी जरा जास्तच कडक वागलो. हे ऐकून मात्र मला राग आला, कारण चूक त्याला अजून कळलीच नव्हती. विमल, रसिका, आणि दारातल्या सगळ्या बायका ऐकत असताना मी त्याला म्हटलं:

“कडक कसला रं तू? तू आळशी हायस. भांडायचं तर समोरचा एकेक माणूस ओळखावा लागतो, कोण खोटं बोललं, कोणी बांबू सरकवला, कोण बिचारी नुसती त्या घरात राहते. त्याला मेहनत लागते. तू काय केलंस, सगळ्यांना एकदम शत्रू म्हटलंस आणि मोकळा झालास. त्या तुझ्या मोठ्या देशांनीबी तेच केलं असंल, मला न्हाय त्यांचं कौतुक. आता इथं बस विमलपाशी, आणि ती बारा नावं पाठ झाल्याबिगर घरी येऊ नकोस.”